गहाण घराची सुनावणी



मालवणात इतिहासावर व्याख्यान म्हटले की श्रोत्यांच्या डोळ्यांपुढे सिंधुदुर्ग किल्ला उभा राहतो, आरमार उभे राहते. तो इतिहास सांगणारे आमच्याहून अधिक अधिकारी वक्ते या व्यासपीठावर येऊन गेले आहेत. आम्ही ज्या इतिहासाकडे आज आपले लक्ष वेधू इच्छितो तो इतका देखणा नाही. तो वर्तमानपत्राच्या आतल्या पानावर, बारीक टाइपात छापलेला असतो. वर मथळा असतो 'ताबा सूचना'. खाली कर्जदाराचे नाव, जामीनदाराचे नाव, थकबाकीचा आकडा आणि घराच्या चतुःसीमा. पूर्वेस अमक्याचे आवाठ, पश्चिमेस पाणंद. शेजारच्याने वाचावे आणि ज्याचे घर त्याने लाजेने मान खाली घालावी, असा तो मजकूर असतो.

कामगार चळवळीतल्या माणसाने या विषयात का पडावे, असे कोणी विचारील. आमचे शालेय शिक्षण बेताचे. कायद्याची पुस्तके आम्ही वाचावयास शिकलो ती खात्यातल्या चौकश्या आणि कामगार न्यायालयातल्या तारखा यांच्या निमित्ताने. परंतु गेली कित्येक वर्षे असे होत आहे की, पगारवाढीची मागणी घेऊन येणारा माणूस बोलणे संपले की उठत नाही. मग हळूच खिशातून एक घडी केलेला कागद काढतो आणि म्हणतो, "बँकवाल्यांनी दारार कागद चिकटवल्यानी, आता खय जावचा?" खय जावचा, हाच आमच्या आजच्या विषयाचा गाभा आहे. कर्ज फेडावे की फेडू नये याबद्दल आमचा वाद नाही. घेतलेले कर्ज फेडलेच पाहिजे. आमचा प्रश्न इतकाच की, घर जाण्यापूर्वी घरमालकाचे म्हणणे ऐकून घेतले जाते काय, आणि त्यासाठी न्यायालयाचे दार कोणी ठोठवावयाचे, धनकोने की ऋणकोने?

या प्रश्नाचे उत्तर दीडशे वर्षांत बदलत गेले आहे, आणि ते सरळ रेषेत सुधारत गेलेले नाही.

इंग्रजी राज्यापासून आरंभ करू. १८८२ साली मालमत्ता हस्तांतरणाचा कायदा झाला. त्याचे ६९ वे कलम मोठे मौजेचे आहे. न्यायालयात न जाता गहाण मालमत्ता परस्पर विकण्याचा अधिकार त्या कलमाने धनकोला दिला खरा, पण कोणाला? एक, जेथे गहाण 'इंग्रजी' पद्धतीचे आहे आणि दोन्ही पक्षांपैकी कोणीही हिंदू, मुसलमान वा बौद्ध नाही अशांना. दुसरे, जेथे गहाण घेणारे खुद्द सरकार आहे तेथे. आणि तिसरे, मालमत्ता मुंबई, कलकत्ता, मद्रास यांसारख्या मोठ्या शहरांत असेल आणि गहाणखतात तसे स्पष्ट लिहिलेले असेल तेथे. त्यातही आधी लेखी मागणी करून तीन महिने वाट पाहावयाची. म्हणजे मालवण, वेंगुर्ले, देवगड येथल्या आपल्या पणजोबांचे घर कोणत्याही पेढीला परस्पर विकता येत नव्हते. सावकाराला न्यायालयात जावे लागे. तेथे गहाणखत सिद्ध करावयाचे, न्यायालय आधी प्राथमिक हुकूमनामा देणार, पैसे भरण्यास सहा महिन्यांपर्यंत मुदत देणार, आणि मग अंतिम हुकूमनामा आणि लिलाव. परक्या सरकारने हे आपल्यावरच्या प्रेमापोटी केले असे आम्हास वाटत नाही. अडाणी रयतेच्या हाती असे हत्यार देणे वा तिच्यावर ते चालवू देणे धोक्याचे आहे, एवढा शहाणपणा त्याला आला होता. आणि तो कोठून आला हे सांगितले पाहिजे.

तो आला सुप्याहून. पुणे जिल्ह्यातल्या सुपे गावी १२ मे १८७५ रोजी बाजारात शेतकरी जमले आणि त्यांनी सावकारांच्या पेढ्यांवर हल्ला चढविला. दख्खनचे दंगे म्हणून ही हकीकत आपण शाळेत वाचली आहे. पण त्यातली एक गोष्ट विसरली जाते. पुणे आणि नगर जिल्ह्यांत जेथे जेथे दंगा पसरला तेथे लोकांचा मुख्य रोख होता तो कागदांवर. गहाणखते, खतावण्या, हुकूमनामे मागून घेऊन त्यांची होळी करण्यात आली. कागद मिळाला तर माणसाला हात न लावता जमाव निघून गेला, अशी उदाहरणे आहेत. सरकारने नेमलेल्या चौकशी मंडळाला पुढे असे आढळले की, सावकारांचे बहुसंख्य दावे एकतर्फी निकालात निघत. प्रतिवादी कूळ न्यायालयात येतच नसे. समन्स पोचलेच नाही, पोचले तर वाचता आले नाही, वाचता आले तर कचेरीचे गाव दोन दिवसांच्या वाटेवर. न्यायालय होते, न्यायाधीश होता, आणि सुनावणी मात्र नव्हती. 'कोर्ट आहे ना मग' म्हणणाऱ्यांनी हे ध्यानी ठेवावे.

त्यातून १८७९ चा दख्खन शेतकरी साहाय्य कायदा निघाला. आमच्या मते आपल्या प्रांताच्या कायद्यांत याच्यासारखा धीट कायदा विरळा. त्याने न्यायाधीशाला सांगितले की, खतावर आकडा काय लिहिला आहे एवढे पाहून थांबू नकोस. व्यवहाराच्या आरंभापर्यंत मागे जा, हातात रोख किती पडली ते शोध, मुद्दल आणि व्याज यांचे वेगळे हिशेब कर. प्रतिवादीची स्वतः जबानी घे. हप्ते बांधून दे. पैशाच्या हुकूमनाम्यासाठी शेतकऱ्याला तुरुंगात घालणे या कायद्याने बंद केले. न्यायमूर्ती रानडे यांनी हायकोर्टात जाण्यापूर्वी याच कायद्याखालचे खास न्यायाधीश म्हणून जिल्ह्याजिल्ह्यांतून फिरून काम पाहिले होते. जुन्या हिंदू धर्मशास्त्रातला दामदुपटीचा नियम, म्हणजे एका वेळी वसूल करावयाचे व्याज मुद्दलापेक्षा अधिक होऊ नये, हाही मुंबई इलाख्यातली न्यायालये पाळीतच होती.

मूळ कायदा पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या चारच जिल्ह्यांपुरता होता. त्यात रत्नागिरी जिल्ह्याचे, म्हणजे तेव्हाच्या आपल्या मुलखाचे, नाव नव्हते. कोकणी माणूस दंगा करीत नाही. तो बोटीत बसतो आणि मुंबईला जातो. आमच्या कित्येकांच्या घराण्यांत खोताचे देणे आणि सावकाराचे देणे गिरणीतल्या पगारातून, मनिऑर्डरीने फिटले. ज्या घराचे कौल मनिऑर्डरीवर बसले त्या घराला जप्तीची भीती काय असते हे गिरणगावाला सांगावे लागत नाही. १८ जानेवारी १९८२ ला संप सुरू झाला आणि मनिऑर्डरी थांबल्या, तेव्हा गावी काय झाले हा स्वतंत्र व्याख्यानाचा विषय आहे. असो.

स्वातंत्र्यानंतर सावकार मागे पडला आणि बँक पुढे आली. १९ जुलै १९६९ ला चौदा मोठ्या बँकांचे राष्ट्रीयीकरण झाले. १९७७ साली घरबांधणीसाठीच कर्जे देणारी एचडीएफसी मुंबईत निघाली, आणि चाळीत जन्मलेल्या माणसाला वीस वर्षांच्या हप्त्यांवर स्वतःची खोली घेता येऊ लागली. ही मोठी क्रांती होती आणि तिला आम्ही नावे ठेवणार नाही. सावकार बारा महिन्यांत मान आवळीत असे, बँक वीस वर्षे थांबते. पण त्याच काळात कायद्याचा काटा हळूहळू फिरू लागला. १९८४ साली बँकिंग कायद्यात २१-अ हे कलम घालण्यात आले. बँकेने लावलेले व्याज जबर आहे एवढ्या कारणास्तव न्यायालयाने तो हिशेब पुन्हा उघडू नये, असे त्यात म्हटले आहे. १८७९ चा कायदा म्हणत होता, खताच्या मागे जा. १९८४ चा म्हणतो, जाऊ नकोस. शंभर वर्षांत न्यायाधीशाच्या हातातला कंदील काढून घेतला गेला. वर्तमानपत्रांतून त्याची चर्चा झाल्याचे आमच्या वाचनात नाही.

बँकांची बाजू आम्ही सांगितली नाही तर ते अप्रामाणिकपणाचे होईल. दिवाणी न्यायालयात वसुलीचे दावे वर्षानुवर्षे पडून राहत. आणि बुडविणारे कोण होते? हप्त्याला दोन हजार कमी पडलेला कारकून नव्हे. मोठमोठे कारखानदार, जे स्थगितीमागून स्थगिती आणीत. बँकेतला पैसा हा शेवटी ठेवीदाराचा, म्हणजे तुमचाआमचाच. १९८१ च्या तिवारी समितीपासून खास न्यायाधिकरणांची मागणी होऊ लागली, १९९३ साली कर्जवसुली न्यायाधिकरणांचा कायदा झाला, नरसिंहम आणि अंध्यारुजिना यांच्या समित्यांनी आणखी पुढचे पाऊल सुचविले, आणि २१ जून २००२ रोजी वटहुकूम निघाला. वर्षअखेर त्याचा कायदा झाला. त्याचे पूर्ण नाव उच्चारावयाचे तर आमच्या व्याख्यानाची वेळ संपेल. लोक त्याला सरफेसी म्हणतात.

या कायद्याने १८८२ चे ते ६९ वे कलम उलटे करून टाकले. जो अधिकार केवळ गोऱ्यांच्या आपसातल्या व्यवहारांना, सरकारला आणि मोठ्या शहरांना होता तो आता प्रत्येक बँकेला, प्रत्येक गावी मिळाला. तीन महिने हप्ता थकला की खाते अनुत्पादक ठरते. २००४ च्या मार्चपासून ही नव्वद दिवसांची मोजणी लागू झाली, त्यापूर्वी ती दुप्पट होती. मग बँक ६० दिवसांची नोटीस देते. पैसे आले नाहीत तर ताबा. ताबा प्रथम कागदी असतो, म्हणजे दारावर सूचना चिकटवावयाची आणि दोन वर्तमानपत्रांत छापावयाची, त्यांतले एक स्थानिक भाषेतले. प्रत्यक्ष ताब्यासाठी बँक जिल्हा दंडाधिकाऱ्याकडे, म्हणजे आपल्याकडे ओरोसला, अर्ज करते. मग लिलाव. या सगळ्या प्रवासात बँकेला एकदाही न्यायालयापुढे आपले येणे सिद्ध करावे लागत नाही. दिवाणी न्यायालयाचे दार ३४ व्या कलमाने बंद. कर्जदाराला तक्रार असेल तर ताब्याच्या उपायानंतर ४५ दिवसांत त्याने कर्जवसुली न्यायाधिकरणाकडे जावे.

कामगारांना आम्ही हे असे समजावून सांगतो. कारखान्यात आधी आरोपपत्र, मग चौकशी, मग शिक्षा, असा क्रम असतो. मालकाने आधी बडतर्फ केले आणि मागाहून चौकशी ठेवली तर आपण गेटवर सभा घेतो. सरफेसीत क्रमच मुळी शिक्षा, मग चौकशी असा आहे. आणि चौकशी हवी असेल तर ती आरोपीने मागावयाची.

आणि मागावयाची तरी कशी? मूळ कायद्यात अशी अट होती की, न्यायाधिकरणाकडे दाद मागण्यापूर्वी कर्जदाराने बँकेने मागितलेल्या रकमेचा पाऊण हिस्सा, शेकडा ७५, जमा करावा. मग म्हणणे ऐकू. ज्याच्यापाशी थकबाकीचा पाऊण हिस्सा रोख आहे त्याचे घर लिलावात कशाला निघेल? शिवाय बँकेचा आकडाच चुकीचा आहे अशी ज्याची तक्रार, त्याने त्या चुकीच्या आकड्याचा पाऊण हिस्सा भरावा! आम्ही तो मसुदा प्रथम वाचला तेव्हा कोठेतरी छपाईची चूक असावी असे वाटले होते.

या अटीला आव्हान दिले ते कोणा गरीब घरमालकाने नव्हे. ते दिले गुजरातेतल्या मार्डिया केमिकल्स नावाच्या कंपनीने, आणि तिच्याबरोबर अनेक कर्जदारांनी. इतिहासात असे पुष्कळदा घडते; श्रीमंताचा वकील भिंतीला भोक पाडतो आणि त्यातून गरिबाला वारा येतो. सर्वोच्च न्यायालयाने ८ एप्रिल २००४ रोजी निकाल दिला. कायदा रद्द झाला नाही. बँकांना असा अधिकार देणे घटनेत बसते, थकबाकीचा डोंगर पाहता ते आवश्यकही आहे, असे न्यायालयाने म्हटले. परंतु ७५ टक्क्यांची अट मात्र घटनेच्या १४ व्या अनुच्छेदाविरुद्ध, जुलमी आणि निरर्थक म्हणून उडवून लावली. त्या निकालातले तर्कशास्त्र आम्हास फार मोलाचे वाटते. सरकार म्हणत होते, हे अपील आहे आणि अपिलासाठी अनामत मागण्याची रीत आहेच. न्यायालय म्हणाले, याला 'अपील' हे नाव देऊन चालणार नाही. अपील कोणत्या निकालाविरुद्ध? कर्जदाराला तोवर कोणी ऐकलेलेच नाही. ही तर पहिली पायरी आहे, दिवाणी दाव्यासारखी. पहिल्या पायरीवर जकात बसवता येत नाही.

दुसरी गोष्ट याच निकालाने दिली. ६० दिवसांच्या नोटिशीला कर्जदाराने हरकत लिहून पाठवली तर बँकेने ती विचारात घेतली पाहिजे आणि ती का मान्य नाही याची कारणे कळविली पाहिजेत. त्यावरून २००४ सालीच कायद्यात १३(३अ) हे पोटकलम आले. आज बँकेला १५ दिवसांत उत्तर देणे भाग आहे. त्या उत्तरावर अपील नाही हे खरे. तरीही, पत्राला उत्तर मिळविण्याचा हक्क लहान समजू नये. आमच्या संघटनेच्या कचेरीत आलेल्या एका माणसाच्या हरकतीत एवढेच होते की, विम्याचा हप्ता दोनदा कापला आहे आणि भरलेल्या दोन हप्त्यांची नोंद नाही. बँकेचे नाव सांगण्याचे कारण नाही. कारणे लिहून देण्याची वेळ आली तेव्हा कोणाला तरी ते खाते उघडून पाहावे लागले, आणि आकडा खाली आला. माफी कोणी मागितली नाही व कोणी मागितलीही नव्हती. घर राहिले.

वरच्या अपिलाची गोष्ट मात्र वेगळी. न्यायाधिकरणात हरलेल्या कर्जदाराला अपील न्यायाधिकरणात जावयाचे तर येण्याची निम्मी रक्कम भरावी लागते. ती फार तर चौथाईपर्यंत खाली येते. ती अट आजही उभी आहे. आपल्या सहकारी क्षेत्रातही तीच तऱ्हा. पतसंस्था १०१ कलमाखाली वसुली दाखला मिळविते हे येथे बसलेल्या बहुतेकांना ठाऊक आहे. त्या दाखल्याविरुद्ध फेरतपासणी मागावयाची तर आधी निम्मी रक्कम संस्थेत भरा, असे महाराष्ट्र सहकारी संस्था कायद्याचे १५४ वे कलम सांगते.

सहकाराचा विषय निघालाच आहे तर घाटावरच्या मुरगूडला जाऊ. कागल तालुक्यातल्या या गावच्या विश्वासराव पाटील सहकारी बँकेच्या खटल्याने सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठापर्यंत मजल मारली. प्रश्न असा होता की, सहकारी संस्था हा राज्याच्या यादीतला विषय. मग केंद्राने केलेला सरफेसी कायदा सहकारी बँकेला वापरता येईल काय? २८ जानेवारी २००३ च्या केंद्राच्या अधिसूचनेने तो अधिकार या बँकांना दिला होता. कर्जदार म्हणत होते, दिलाच कसा? कोल्हापूर, सांगली, सिंधुदुर्ग या पट्ट्यात घरकर्ज म्हणजे बहुधा सहकारी बँकेचे, तेव्हा प्रश्न आपल्या उंबऱ्यावरचा होता. ५ मे २०२० रोजी, देश टाळेबंदीत असताना, निकाल आला. सहकारी बँक जेव्हा बँकेचा व्यवहार करते तेव्हा तो केंद्राच्या यादीतला विषय ठरतो, आणि सरफेसी तिला लागू. कर्जदार हरले. गावच्या बँकेचा अध्यक्ष ओळखीचा असतो, लग्नाकार्यात भेटतो, थोडे थांबा म्हटले की थांबतो, ही समजूत त्या दिवशी निदान कायद्यापुरती संपली.

हरल्याजिंकल्याचा हा हिशेब पुढेही असाच मिश्र आहे. सत्यवती टंडन यांच्या २०१० च्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हायकोर्टांना बजावले की, न्यायाधिकरणाचा मार्ग उघडा असता कर्जदारांचे रिट अर्ज सहसा घेऊ नका. अलाहाबादच्या हायकोर्टाने असे ठरविले होते की, घराबाहेर प्रत्यक्ष काढल्यावरच कर्जदाराला न्यायाधिकरणात जाता येईल. २०१८ च्या नोव्हेंबरात सर्वोच्च न्यायालयाने ते फिरविले. दारावर कागद चिकटला की दाद मागण्याचा हक्क जन्मला. जिल्हा दंडाधिकाऱ्याबद्दल लोकांचा मोठा गैरसमज आहे. कलेक्टर साहेबांना भेटून परिस्थिती सांगू, असे म्हणत माणसे ओरोसला जातात. महाराष्ट्रातूनच गेलेल्या एका खटल्यात २०२२ साली स्पष्ट झाले की, १४ व्या कलमाखाली साहेबांनी कागद पुरे आहेत की नाहीत एवढेच पाहावयाचे, वाद ऐकावयाचा नाही. ते निर्दय नाहीत. कायद्याने त्यांना कानच दिलेला नाही.

मुंबईत राहणाऱ्या आपल्या भाडेकरू बांधवांना २०१६ साली बरा दिवस दिसला. घरमालकाने इमारत गहाण टाकली आणि कर्ज बुडविले. त्यात भाडेकरूचा काय दोष? बँक ऑफ इंडियाच्या एका खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने भाडे नियंत्रण कायद्याचे संरक्षण सरफेसीपुढे वितळत नाही असे म्हटले. २०१९ साली तोंडी भाडेकराराच्या बाबतीत हात पुष्कळ आखडता घेण्यात आला. तेव्हा भाड्याच्या पावत्या जपून ठेवाव्यात, हे येथे सांगून ठेवतो.

व्याजाच्या बाबतीत एक विजय नोंदला पाहिजे, कारण तो खऱ्याखुऱ्या घरकर्जदाराचा आहे. २०२० च्या मार्च ते ऑगस्टमध्ये साथीमुळे हप्ते लांबणीवर टाकण्याची सवलत मिळाली. त्या काळाचे व्याज चालूच राहणार, आणि व्याजावर व्याजही. आग्र्याचा एक दुकानदार, ज्याने घरासाठी कर्ज काढले होते, हे घेऊन सर्वोच्च न्यायालयात गेला. ३ सप्टेंबरला न्यायालयाने अंतरिम हुकूम दिला की, ऑगस्टअखेर जी खाती चांगली होती ती तूर्त अनुत्पादक ठरवू नका. सरकारने मग दोन कोटींपर्यंतच्या कर्जांवरचे व्याजावरचे व्याज सोडले, आणि २३ मार्च २०२१ च्या निकालाने ते सर्वांनाच सुटले. मूळ व्याज माफ झाले नाही, होणारही नव्हते. पण सवलत दिलेल्या काळात थकबाकीदार म्हणून दंडव्याज घेता येत नाही, हे न्यायालयाने मान्य केले. दामदुपटीच्या जुन्या नियमामागे जी भावना होती तिचा एक कोंब इतक्या वर्षांनी पुन्हा दिसला असे आम्हास वाटले.

नेमके त्याच मालवणच्या किनाऱ्यावर साथीपाठोपाठ २०२१ च्या मे महिन्यात तौक्ते वादळ येऊन गेले. पर्यटकांसाठी घरावर खोल्या चढवून कर्ज काढलेल्यांचे दोन हंगाम गेले, छपरे गेली. अशांपैकी पुष्कळांचा असा भरवसा असतो की, आपली जागा शेतजमीन आहे, सातबारा सामाईक आहे, आपल्याला कोण हात लावतो? कायद्याचे ३१ वे कलम शेतजमिनीला वगळते हे खरे आहे. पण न्यायालये सातबाऱ्यावरच्या शब्दावर थांबत नाहीत, प्रत्यक्ष शेती होते काय ते विचारतात, आणि ते सिद्ध करण्याचा भार कर्जदारावर टाकतात. शेजारच्या गोव्यात एका मोठ्या समुद्रकाठच्या हॉटेलच्या मालकांनी हाच बचाव घेतला होता. २०१८ साली तो फेटाळला गेला. दुसरा भरवसा कामगारांचा. दिवाणी कायद्याच्या ६० व्या कलमाने शेतकऱ्याचे आणि मजुराचे राहते घर जप्तीतून वगळले आहे, आणि ते वाचून आमचे काही कार्यकर्ते फार खूष होतात. परंतु जे घर तुम्ही स्वतःच्या सहीने गहाण लिहून दिले त्याला हे कवच नाही, असे ते ३१ वे कलमच सांगते.

शेवटची गोष्ट सर्वांत अलीकडची, आणि आमच्या मते सर्वांत कठोर. गहाणाच्या कायद्यात एक फार जुने तत्त्व आहे की, पैसे आणून टाकले की वस्तू सोडवता येते. विक्री पुरी होईपर्यंत हा हक्क मरत नाही, असे मालमत्ता हस्तांतरणाच्या ६० व्या कलमाआधारे न्यायालये मानीत आली. लिलावाच्या आदल्या रात्री बायकोचे दागिने विकून, भावाकडून आणून, माणसाने घर सोडविल्याच्या कथा त्या तत्त्वावर उभ्या आहेत. २०१६ साली सरफेसीचे १३(८) बदलले. मुंबईच्या बाफना मोटर्सच्या खटल्यात २१ सप्टेंबर २०२३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने त्याचा अर्थ लावला. लिलाव होऊन गेल्यावर कंपनी बोलीपेक्षा अधिक रक्कम, १२९ कोटी, घेऊन आली होती आणि मुंबई हायकोर्टाने तिला सोडवू दिले होते. सर्वोच्च न्यायालय म्हणाले, नाही. लिलावाची जाहिरात प्रसिद्ध झाली त्याच दिवशी सोडवणुकीचा हक्क संपला. बोली लावणाऱ्याचा भरवसा टिकला पाहिजे, नाहीतर लिलावाला माणूस फिरकणार नाही, हे त्यामागचे कारण. कंपनीच्या बाबतीत ते आम्हास पटते. तोच नियम कुडाळच्या दोन खोल्यांच्या घरालाही लागतो, ते पटवून घेणे जड जाते.

गेल्या १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला मुंबई हायकोर्टाचे फिरते पीठ बसू लागले, आणि रत्नागिरी-सिंधुदुर्गाचा मुंबईचा हेलपाटा वाचला. त्याबद्दल वकील मंडळींचे आणि चळवळ करणाऱ्यांचे अभिनंदन. तथापि गहाण घराचा पहिला अर्ज तेथे चालत नाही. तो कर्जवसुली न्यायाधिकरणापुढे चालतो, आणि महाराष्ट्रात अशी न्यायाधिकरणे मुंबई, पुणे, नागपूर व छत्रपती संभाजीनगर येथे आहेत. अर्ज संगणकावरून पाठविण्याची सोय झाली आहे. वकील मात्र त्या शहरातलाच पाहावा लागतो, आणि ४५ दिवस मोजले जातात ते दारावर कागद चिकटल्यापासून. मुंबईत नोकरीला असलेला मुलगा गणपतीला घरी येऊन तो वाचील तेव्हापासून नव्हे.